संपादक खरे आणि जुलै १९३८ची रात्र

मागच्या धाग्यात आपण १८१७ची सीताबर्डीची लढाई पाहिली. आज त्याच टेकडीच्या पायथ्याशी थांबू, पण एकशेवीस वर्षे पुढे जाऊ. दूरचित्रवाणीवरचा एखादा पत्रकार निवडणुकीला उभा राहिला की ‘हे आताचेच खूळ’ असे म्हटले जाते. नागपूरकराने तरी तसे म्हणू नये. वृत्तपत्राच्या कचेरीतून मंत्रालयात जाण्याची वाट या शहरात फार जुनी आहे, आणि तिच्यावरून गेलेला सर्वांत विलक्षण माणूस म्हणजे डॉ. नारायण भास्कर खरे.

खरे जन्माने पनवेलचे, शिक्षणाने डॉक्टर. वैद्यकाची पदवी लाहोरची. नागपुरात स्थायिक झाल्यावर ते काँग्रेसच्या कामात ओढले गेले. १९२६ मध्ये त्यांनी ‘तरुण भारत’ हे मराठी पत्र काढले आणि १९३१ पर्यंत त्याचे संपादन केले. पुढे ते केंद्रीय विधिमंडळात गेले आणि जुलै १९३७ मध्ये मध्य प्रांत-वऱ्हाडचे पंतप्रधान झाले. दचकू नका, १९३५च्या कायद्याखाली प्रांताच्या प्रमुखालाही पंतप्रधानच म्हणत.

हा प्रांत समजून घेतल्याशिवाय पुढचे काही उमगणार नाही. राजधानी नागपूर, म्हणजे मराठी मुलखात. पण प्रांताचा मोठा भाग हिंदीभाषक महाकोशल. मंत्रिमंडळात तिकडचे रविशंकर शुक्ल, द्वारकाप्रसाद मिश्र आणि दुर्गाशंकर मेहता. इकडे खऱ्यांसोबत वऱ्हाडचे रामराव देशमुख आणि गोळे. यांतले मिश्रही मूळचे पत्रकारच, जबलपूरच्या हिंदी ‘लोकमत’चे संपादक. एकाच मंत्रिमंडळात दोन संपादक असले की काय होते, याची कल्पना ज्यांनी एखाद्या संपादकीय विभागात चार दिवस काढले आहेत त्यांना सहज करता येईल. मे १९३८ मध्ये पचमढीला वल्लभभाई पटेलांसमक्ष तडजोड झाली. ती दोन महिनेही टिकली नाही.

२० जुलैला खरे, गोळे आणि देशमुख यांनी राजीनामे दिले. पंतप्रधानच गेला म्हणजे इतरांनीही जावे, असा खऱ्यांचा हिशेब होता. महाकोशलच्या तिघांनी पक्षश्रेष्ठींच्या आज्ञेवाचून राजीनामा देण्यास नकार दिला. तेव्हा गव्हर्नर सर फ्रान्सिस वायली यांनी रातोरात त्यांना बडतर्फ केले आणि २१ तारखेला खऱ्यांनी नवे मंत्रिमंडळ बनवले. त्यात दलित समाजातले अग्निभोज होते. ही निवड गांधीजींना रुचली नाही, असा आरोप खऱ्यांनी पुढे केला. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनीही १९४५च्या आपल्या काँग्रेसविषयक ग्रंथात या प्रकरणाची दखल घेतली आहे.

घटनेच्या दृष्टीने खऱ्यांचे पाऊल बिनचूक होते. राजकारणाच्या दृष्टीने तो आत्मघात होता. सत्तेची खुर्ची नागपुरात असली तरी सत्ता ७५ किलोमीटरवर वर्ध्याला होती. गांधीजी सेवाग्रामला राहत आणि काँग्रेसची कार्यकारिणी तिथेच भरे. इंग्रज गव्हर्नरच्या अधिकाराने काँग्रेसचे मंत्री घालवायचे, ही गोष्ट सुभाषचंद्र बोस अध्यक्ष असलेल्या काँग्रेसला मानवणे शक्यच नव्हते. दोनच दिवसांत खऱ्यांना नवे मंत्रिमंडळही मोडावे लागले, २७ जुलैला वर्ध्याच्या बैठकीत आमदारांनी शुक्लांना नेता निवडले आणि कार्यकारिणीने खऱ्यांना जबाबदारीच्या पदास अपात्र ठरवले. मला वाटते, इथे त्यांच्यातला संपादकच त्यांना नडला. रात्री अग्रलेख फिरवावा तसे त्यांनी मंत्रिमंडळ फिरवले, आणि सकाळी वाचक आपल्या बाजूचा असेल असे गृहीत धरले.

मराठी नागपूरवरचा अन्याय म्हणून ही कथा आमच्याकडे सांगितली जाते. त्यात तथ्य आहे. मात्र तेवढ्यावर थांबले की खऱ्यांचे पुढचे आयुष्य झाकले जाते. १९४३ मध्ये ते व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात गेले, तेही काँग्रेसचे पुढारी तुरुंगात असताना. तिथे परदेशस्थ भारतीयांचे खाते त्यांच्याकडे होते आणि १९४६ मध्ये दक्षिण आफ्रिकेशी व्यापार तोडण्याचा निर्णय त्यांच्याच काळात झाला. ही जमेची बाजू. मग ते अलवर संस्थानचे पंतप्रधान झाले. १९४७ मध्ये तिथे मेव मुसलमानांची कत्तल आणि हकालपट्टी झाली, तेव्हा कारभार खऱ्यांच्या हाती होता. वर्ध्याला झालेला अपमान कितीही मोठा असला, तरी त्याने याचे समर्थन होत नाही. गांधीहत्येनंतर फेब्रुवारी १९४८ मध्ये त्यांना अलवर सोडावे लागले. पुढे ते हिंदुमहासभेचे अध्यक्ष झाले, ग्वाल्हेरमधून लोकसभेत गेले.

आणि ‘तरुण भारत’? सीताबर्डीतला अभ्यंकर मार्ग ज्यांच्या नावाचा, त्या नरकेसरी मोरोपंत अभ्यंकरांच्या स्मृतीशी जोडलेल्या संस्थेने हे नाव पुढे चालवले. १९४४ पासून संपादक होते ग. त्र्यं. माडखोलकर. त्यांनी मंत्रिपद कधी भूषवले नाही. पण १९४६च्या बेळगाव साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते, आणि संयुक्त महाराष्ट्राची मागणी तिथूनच जोराने पुढे आली. त्याच पत्राचे नंतरचे संपादक मा. गो. वैद्य १९७८ ते १९८४ विधान परिषदेत होते.

खऱ्यांनी १९५९ मध्ये इंग्रजीत आत्मचरित्र प्रसिद्ध केले. मिश्रांनीही पुढे आपल्या आठवणी लिहिल्या. दोन्ही पुस्तके मिळाली तर २० जुलैच्या रात्रीची पाने शेजारी शेजारी उघडून वाचा. पुढचा धागा १९५३च्या नागपूर करारावर.