टर्मिनल लान्स

पोस्टिंगवर नेट मिळेलच याचा भरवसा नसतो. म्हणून आवडीचं ते सुट्टीतच उतरवून घ्यायचं, ही फौजी सवय. माझ्या फोनमध्ये असा एक फोल्डर आहे. त्यात ‘टर्मिनल लान्स’ या कॉमिकच्या पट्ट्या वर्षवार लावून ठेवल्या आहेत.

अमेरिकेच्या मरीन कोरमधल्या मॅक्सिमिलियन उरियार्टेने २०१० मध्ये स्वतःच्या वेबसाइटवर हे कॉमिक सुरू केलं. तेव्हा तो नोकरीतच होता आणि इराकला दोनदा जाऊन आला होता. लान्स कॉर्पोरल हा तिथला खालून तिसरा हुद्दा. आपल्या लान्स नाईकचा भाऊबंद म्हणा. नोकरी संपली तरी जो त्याच हुद्द्यावर राहतो, तो ‘टर्मिनल लान्स’.

एब आणि गार्सिया हे यातले दोघे जोडीदार. पट्ट्यांमध्ये लढाई कमीच. बराक घासणं, साफ हत्यार पुन्हा साफ करणं, फॉल-इन होऊन ताटकळणं, हेच जास्त. आमच्या हवालदारसाहेबांना इंग्रजी बेताचंच येतं. एक पट्टी दाखवली तर म्हणाले, “अरे, ही तर आपलीच फटिग!”

संग्रह करणाऱ्यांना एक सांगतो. उरियार्टे चित्राखाली मजकूरही लिहितो, तोही जपून ठेवा. विनोद कुठून आला ते तिथे कळतं.

पुढे २०१३ मध्ये त्याने वाचकांकडून ऑनलाइन वर्गणी जमवली आणि २०१६ मध्ये ‘द व्हाइट डॉन्की’ हे चित्रपुस्तक काढलं. त्यातही एब आणि गार्सियाच आहेत. पण इथे एब इराकमध्ये आपला जोडीदार गमावतो, आणि घरी परतल्यावर स्वतःचाच जीव घ्यायच्या टोकाला जातो. हे वाचून मी पुन्हा जुन्या पट्ट्या उघडल्या. विनोद तेच होते, पण आता त्यांच्याखाली काय दाबलेलं असू शकतं ते दिसायला लागलं.

प्रत्येक सेक्शनमध्ये सगळ्यांना हसवणारा एकजण असतोच. आमच्यातला तसा एक पोरगा सुट्टीवरून आला तो गप्पच. पूर्वी मी म्हटलं असतं, घरची आठवण येत असेल, होईल ठीक. या वेळी त्याच्याबरोबर रात्रीची सेंट्री लावून घेतली. दुसऱ्या रात्री तो बोलायला लागला. काय बोलला ते इथे लिहिणार नाही. आता तो साहेबांच्या परवानगीने डॉक्टरांकडे जातो.

आपल्याकडे फौजेवरची पुस्तकं बहुतेक अधिकाऱ्यांची. शिपायाच्या गोष्टी बराकीत आणि निवृत्तीनंतर गावच्या पारावर सांगितल्या जातात आणि तिथेच विरतात. माजी सैनिक मंडळी, तुमच्या फटिगच्या, लंगरच्या, रगड्याच्या गोष्टी लिहून काढा. चित्र काढता आलं तर काढा, वेडंवाकडं चालेल. आज भरती झालेल्या पोराला त्यात आपला कुणीतरी भेटेल.