दोऱ्यात ओवलेल्या शेंगा

कॅनडातील न्यूफाउंडलंडपासून अलाबामापर्यंत पसरलेल्या अ‍ॅपलेशियन पर्वतरांगांच्या दक्षिण भागात, म्हणजे पूर्व केंटकी, वेस्ट व्हर्जिनिया, पूर्व टेनेसी आणि पश्चिम नॉर्थ कॅरोलायना या डोंगराळ मुलखात, माणसाला बालपणापासून म्हातारपणापर्यंत सोबत करणारे एखादे पीक असेल, तर ते घेवड्याचे होय. महाराष्ट्रात श्रावण घेवडा किंवा फरसबी म्हणून शिजणारी शेंग आणि राजमा म्हणून विकला जाणारा दाणा ही दोन्ही याच वनस्पतीची रूपे असून तिचे मूळ मध्य व दक्षिण अमेरिकेत आहे.

या डोंगरांत घेवडा प्रथम पिकवला तो मूळनिवासींनी. चेरोकी लोक मका, घेवडा आणि भोपळा एकत्र लावत. मक्याच्या ताटाचा आधार घेऊन घेवड्याचा वेल चढे, त्याच्या मुळांवरच्या गाठींतील जिवाणू हवेतील नत्र जमिनीत धरून ठेवीत आणि भोपळ्याची रुंद पाने ओल टिकवून तण दाबून टाकीत. मक्याच्या पिठात शिजलेले दाणे मिसळून, पानांत गुंडाळून उकडलेली घेवड्याची भाकरी हे आजही चेरोकींचे मानाचे अन्न आहे. १८३० च्या कायद्याचा आधार घेऊन १८३८-३९ मध्ये सुमारे सोळा हजार चेरोकींना मिसिसिपी नदीपलीकडे हाकलण्यात आले, त्यात अंदाजे चार हजार माणसे दगावली आणि ती वाट ‘अश्रूंची वाट’ म्हणून ओळखली गेली. त्या वाटेवरून पूर्वजांनी नेल्याचे सांगितले जाणारे काळ्या दाण्याचे एक वाण ओक्लाहोमातील डॉ. जॉन वाइच यांनी १९७७ मध्ये बियाणे जपणाऱ्या संस्थेच्या हाती दिले, आणि ते त्या वाटेच्याच नावाने आज पेरले जाते.

अठराव्या शतकात उत्तर आयर्लंडहून आलेल्या स्कॉटिश वंशाच्या आणि जर्मन वसाहतकारांनी ही लागवड उचलली. त्यांच्या वंशजांच्या घरी मुलाची घेवड्याशी पहिली ओळख उन्हाळ्याच्या अखेरीस पडवीत होई, कारण शेंगांच्या दोन्ही कडांच्या शिरा ओढून काढण्याचे काम आजीपासून नातवंडांपर्यंत सारे घर मिळून करी. मग सुईदोऱ्याने शेंगा मधोमध ओवून त्यांच्या माळा पडवीत किंवा चुलीमागे टांगल्या जात. वाळून सुरकुतलेल्या या शेंगांना ‘लेदर ब्रिचेस’, म्हणजे चामड्याच्या तुमानी, म्हणतात. हिवाळ्यात त्या भिजवून खारवलेल्या डुकराच्या मांसाच्या तुकड्याबरोबर मंद आचेवर तासन्‌तास शिजवल्या की ताज्या शेंगेत मुळीच नसलेली दाट, मांसल चव त्यांना येते. बर्फाने वाटा बंद होणाऱ्या प्रदेशात साठवणीची ही रीत घराला हिवाळा पार करून देणारी होती.

तारुण्यात घेवड्याचे रूप बदलले. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस रेल्वे डोंगरांत शिरली, कोळशाच्या खाणी उघडल्या आणि शेतकऱ्यांची मुले खाणवस्त्यांत राहू लागली, जिथे अनेक मालक मजुरीचा काही भाग फक्त कंपनीच्याच दुकानात चालणाऱ्या टोकनांत देत. दुकानातून येणारे ठिपकेदार पिंटो दाणे, मक्याचा पाव, चिरलेला कच्चा कांदा आणि ‘चाउचाउ’ नावाचे भाज्यांचे आंबट लोणचे हे खाणकामगाराचे नित्याचे जेवण झाले. त्यालाच ‘सूप बीन्स’ म्हणतात. तरीही वस्तीमागच्या उतारावर बायका आपापल्या माहेरचे वेल लावीतच राहिल्या.

दुसऱ्या महायुद्धानंतर खाणींत यंत्रे आली आणि लाखो माणसे डेट्रॉइट, सिनसिनाटी, अ‍ॅक्रन या कारखान्यांच्या शहरांकडे गेली. त्यांच्यापैकी अनेकांनी गावाकडचे बी परसात पेरले. घेवड्याचे फूल बहुतांशी स्वतःच्याच परागाने फळते, त्यामुळे घरचे वाण पिढ्यान्‌पिढ्या फारसे न बदलता टिकते आणि कुटुंबाच्या नावाने ओळखले जाते. लव नसलेल्या चकचकीत सालीचे ‘ग्रीझी’ आणि दाणे दाटीने भरल्यामुळे टोके चौकोनी झालेले ‘कटशॉर्ट’ असे कितीतरी प्रकार याच रीतीने वाचले.

वार्धक्यात हे बी पुढच्या पिढीच्या हाती द्यायचे असते, आणि धोका नेमका इथेच आहे. यंत्राने तोडता याव्यात आणि दूरवर नेता याव्यात म्हणून बाजारातील वाणांच्या साली चिवट केल्या गेल्या, त्या शेंगा दाणा भरण्याआधीच तोडल्या जातात. डोंगरातील माणसाला मात्र भरलेला दाणा आणि तरीही कोवळी साल हवी असते. केंटकीतील बेरिया येथील बिल बेस्ट यांनी अनेक दशके अशी घरगुती वाणे गोळा केली, ती पेरली आणि वाटली. त्यांच्या कामामुळे हा ठेवा पुष्कळ प्रमाणात लोकांच्या शेतात राहिला.

१९६४ मध्ये अध्यक्ष लिंडन जॉन्सन पूर्व केंटकीत येऊन गेले आणि दारिद्र्यविरोधी मोहिमेच्या निमित्ताने हा प्रदेश देशभर अभावाचे प्रतीक म्हणून दाखवला गेला. वेल कशावर चढवावा, शेंग केव्हा तोडावी, बी कोणत्या झाडाचे राखावे हे पिढ्यांनी कमावलेले शास्त्र ज्यांच्या ताटात होते, त्यांचे अन्न निव्वळ गरिबांचे म्हणून दुर्लक्षित करणे अन्यायाचे आहे. शीतपेटीत ठेवलेले बी काही दशके जगेल. ते पेरणारी आणि त्याची चव ओळखणारी माणसे उरली नाहीत, तर मात्र ते वाण संपले असेच म्हणावे लागेल. म्हणून ज्यांच्या घरी असे बी आहे, त्यांनी ते या हंगामात पेरावे आणि मूठभर शेजाऱ्याला द्यावे.