चौदा वर्षांचं फुटेज

रविवार, रात्र. कपाट आवरताना जुनी हार्ड डिस्क सापडली. आत माझी अर्धवट राहिलेली डॉक्युमेंटरी. गिरणगावातल्या एका चाळीची. पैसे संपले, मग उत्साह संपला, असं मी सगळ्यांना सांगत आलो. खरं तर आधी उत्साहच संपला होता.

मग माहितीपटकार आनंद पटवर्धनांचा ‘जय भीम कॉम्रेड’ पुन्हा लावला. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलीस गोळीबारात दहा जण गेले. त्या व्यथेत चार दिवसांनी शाहीर विलास घोगरेंनी आयुष्य संपवलं. पटवर्धनांच्या ‘हमारा शहर’मध्ये याच घोगरेंचा आवाज होता. आपल्या चित्रपटात गायलेला माणूस असा गेला, आणि पटवर्धनांनी कॅमेरा उचलला. चित्रपट आला २०११ मध्ये. चौदा वर्षं! तोवर खटले रेंगाळले, वस्तीतली पोरं मोठी झाली, काही शाहीर बदलले, नवे उभे राहिले. हे सगळं पडद्यावर दिसतं, कारण कॅमेरा परत परत तिथे गेला.

स्वतंत्र माहितीपटकाराचं करिअर म्हणजे बहुधा हेच. ना पगार, ना बढती. चित्रपट झाला की सेन्सॉरशी झगडा, दूरदर्शनने दाखवावा म्हणून कोर्टाच्या पायऱ्या, आणि शेवटी प्रोजेक्टर घेऊन वस्त्यांमध्ये, कॉलेजांत खेळ.

मी सांगायचो, मला पैसा कमी पडला. कमी पडलं ते परत जाणं.

हार्ड डिस्क अजून चालते. उद्या चाळीत जाऊन येतो.