परदेशी स्ट्रायकर आणि त्याच्यामागची माणसं

ट्युरिन

ती. भाऊकाकांना सा. न.

परदेशातून आणलेल्या स्ट्रायकरबद्दल तुमचं मत ठाम आहे: अंगात गुण असेल तर तो कुठेही गोल करील, नसेल तर कुठेच नाही. फातोर्ड्याच्या स्टेडियमवर इतकी वर्षं फुटबॉल पाहिलेल्या माणसाचं मत सहज बाजूला सारता येत नाही. पण हे शहर त्या मताविरुद्ध साक्ष देतं आणि मला ती पटते. वेल्ससारख्या छोट्या देशातले दोन स्ट्रायकर तीस वर्षांच्या अंतराने इथल्या युव्हेंटस क्लबात आले. जॉन चार्ल्सचं नाव क्लबाच्या इतिहासात मोठ्या मानाने घेतलं जातं. इयान रश एका हंगामात परत गेला. आणि रश कमी गुणाचा होता असं कोण म्हणेल? लिव्हरपूलसाठी त्याने एकूण 346 गोल केले. तो विक्रम अजून त्याच्याच नावावर आहे.

चार्ल्स 1957 मध्ये लीड्सहून 65,000 पौंडांना आला. त्या काळी इंग्लंडमध्ये खेळाडूंच्या पगारावर कमाल मर्यादा होती, ती 1961 मध्ये उठली. त्यामुळे चांगली कमाई करायची तर देश सोडणं हाच मार्ग होता. आधीच्या हंगामात युव्हेंटस नवव्या क्रमांकावर होतं. चार्ल्सने पहिल्याच वर्षी 28 गोल केले, लीगमध्ये तोच सर्वाधिक गोल करणारा ठरला आणि क्लब विजेता झाला. ही कथा नेहमी त्याच्या एकट्याची म्हणून सांगतात. पण त्याच उन्हाळ्यात अर्जेंटिनाहून ओमार सिवोरी आला होता आणि जुना आघाडीवीर बोनिपेर्ती मागे सरकून दोघांना चेंडू पुरवत होता. चार्ल्स उंच, धिप्पाड, डोक्याने गोल करणारा; सिवोरी बुटका, चेंडू पायाला चिकटवून पळणारा. एकाला अडवायला बचावपटू धावले की दुसरा मोकळा. सिवोरीचेही त्या हंगामात 22 गोल आहेत. चार्ल्सच्या गुणांना यामुळे उणेपणा येत नाही, पण ते 28 गोल त्याच्या एकट्याच्या खात्यावर मांडता येत नाहीत.

रश 1987 मध्ये आला तेव्हा मिशेल प्लातिनी नुकताच निवृत्त झाला होता. म्हणजे ज्याच्या पासवर धावण्यासाठी रश हवा होता, तो पास देणाराच उरला नव्हता. बचावफळीच्या पाठीमागे नेमक्या क्षणी चेंडू येणं हा रशच्या खेळाचा प्राण, आणि लिव्हरपूलला ते काम केनी डाल्ग्लिश करत असे. इथे लीगमध्ये त्याचे 7 गोल झाले आणि त्याच्यावर अपयशाचा शिक्का बसला. त्या हंगामात लीगमध्ये सर्वाधिक गोल करणाऱ्या मॅराडोनाचे गोल फक्त 15 होते, हे मात्र कुणी सांगत नाही. रश भाषेत आणि शहरात रुळला नाही, असा आक्षेप येतो. भाषा महत्त्वाची आहेच. मैदानावर हाक समजली नाही तर धाव चुकते. पण चार्ल्सही वेल्सचाच होता, इटालियन शिकून आला नव्हता. दुसरा आक्षेप अधिक वजनदार: पास देऊ शकणारा मायकेल लॉड्रुप तर संघात होता. होता, पण 23 वर्षांच्या लॉड्रुपला तेव्हा बहुधा आघाडीतच खेळवत. चेंडू पुरवणारा म्हणून त्याची थोरवी पुढे बार्सिलोनात दिसली. रश लिव्हरपूलला परतला, 1989 च्या एफए कपच्या अंतिम सामन्यात त्याने दोन गोल केले आणि पुढच्या हंगामात लीगमध्ये 18. एका वर्षात त्याच्या पायांत काही बदललं नव्हतं.

फ्लॉरेन्स

ती. काका, सा. न.

तुम्ही बातिस्तुताचं उदाहरण पुढे कराल, म्हणून आधीच लिहितो. गाब्रिएल बातिस्तुता 1991 मध्ये इथल्या फिओरेंतिना क्लबात आला, पहिल्या हंगामात 13 गोल, दुसऱ्यात 16. तरीही 1993 मध्ये फिओरेंतिना खालच्या श्रेणीत घसरली. तो क्लब सोडून गेला नाही, एक वर्ष दुसऱ्या श्रेणीत खेळून संघाला वर घेऊन आला. म्हणजे साथ नसतानाही त्याने गोल केलेच की! हे मी मान्य करतो. असामान्य स्ट्रायकर तुटपुंज्या पुरवठ्यावरही तग धरतो. पण 1994 मध्ये बेन्फिकाहून चेंडू पुरवणारा रुई कोश्ता आला आणि त्याच हंगामात बातिस्तुताचे 26 गोल झाले. पहिल्या अकराही सामन्यांत त्याने गोल केला. तेव्हा तो 25 वर्षांचा होता, ऐन भरात आलाच होता, असं म्हणता येईल, आणि त्यात तथ्यही आहे. तरी 16 वरून 26 ही उडी नुसत्या वयाने पडते असं मला वाटत नाही. शिवाय क्लबाने त्याला तीन वर्षांचा अवधी दिला. रशला एकच वर्ष मिळालं.

रोम

ती. काका, सा. न.

माझा मुद्दा कुठे थांबतो, तेही लिहायला हवं. बातिस्तुता 2000 मध्ये रोमाकडे गेला, 20 गोल करून त्याने लीगचं विजेतेपद मिळवून दिलं. पुढच्या वर्षी पास देणारा तोत्ती तोच होता आणि गोल झाले 6. त्याच्या घोट्यांनी साथ सोडली होती. शरीर संपलं की साथीदार काही करू शकत नाहीत.

आता आपल्याकडचं. एफसी गोवाचा स्ट्रायकर कोरो याचे ला लीगातले आकडे कधी डोळ्यांत भरले नाहीत. गोव्यात 2017-18 मध्ये, 35 च्या उंबरठ्यावर, त्याने 18 गोल केले, पुढच्या हंगामात 16. इंडियन सुपर लीग (आयएसएल) दुबळी म्हणून, असं तुम्ही म्हणाल. पण 2017-18 च्याच हंगामात त्याच लीगमध्ये दिमितार बर्बातोव्ह केरळ ब्लास्टर्सकडे होता, 2010-11 मध्ये प्रीमियर लीगमध्ये सर्वाधिक गोल करणाऱ्या दोघांपैकी एक. केरळकडून त्याचा एकच गोल झाला. वय आणि दुखापती त्याच्या विरोधात होत्या, पण त्याला बरेचदा मधल्या फळीत खेळवलं गेलं. कोरोच्या बाजूला लान्झारोते होता, स्वतः 13 गोल करणारा, आणि मागे प्रशिक्षक लोबेराने चेंडू ताब्यात ठेवायला शिकवलेला अख्खा संघ.

म्हणूनच कुणी ‘सुनील छेत्री बाहेर चालला नाही’ असं म्हटलं की मला राग येतो. 2010 मध्ये अमेरिकेतल्या कॅन्सस सिटीने त्याला एमएलएसच्या लीग सामन्यांत खेळवलंच नाही, आणि 2012 मध्ये पोर्तुगालच्या स्पोर्टिंगच्या ब संघातही त्याला मोजकेच सामने मिळाले. भारतासाठी 90 हून अधिक गोल करणाऱ्या स्ट्रायकरचा निकाल इतक्या थोड्या मिनिटांवर कुणी लावू नये, निदान आपण तरी. तो परदेशात यशस्वी झाला असता, असा माझा दावा नाही; त्याच्या पायाशी नीट पास किती आले, हे मोजण्याइतका खेळच त्याला तिथे मिळाला नाही.

तुमचा,
विनू