गोळी न झाडणारी बंदूक

पुणे

चि. सोनू हिस,


तुझं पत्र पोचलं. गेम डिझाइनच्या वर्गात प्रत्येकाला एकेक जुना संग्रह अभ्यासाला दिला आणि तुझ्या वाट्याला ‘द ऑरेंज बॉक्स’ आला, म्हणून तू नाराज आहेस. ‘मामा, पाचही गेम शूटर. दिसेल त्याला मारत सुटायचं, यावर लिहिण्यासारखं काय आहे?’ असं विचारलं आहेस. खूप आहे, म्हणूनच फोनवर न उरकता निवांत बसून लिहितो आहे.

आधी जुजबी माहिती. ऑक्टोबर २००७ मध्ये अमेरिकेतल्या बेलव्ह्यू गावच्या वॉल्व्ह कंपनीने हा संग्रह काढला. त्यात पाच गेम होते : ‘हाफ-लाइफ २’, त्याचे पुढचे दोन भाग ‘एपिसोड वन’ आणि ‘एपिसोड टू’, आणि शिवाय ‘पोर्टल’ व ‘टीम फोर्ट्रेस २’. पहिला २००४ चा, दुसरा २००६ चा, उरलेले तीन कोरे. फक्त नव्या तिघांचा ‘ब्लॅक बॉक्स’ वेगळा काढायचा बेत होता, तो रद्द झाला. मग ज्यांनी जुने दोन गेम आधीच घेतले होते, त्यांना त्यांची जादा प्रत एखाद्या मित्राला भेट देता येईल अशी सोय कंपनीने केली. हे मला फार आवडलं होतं. आपल्याकडे चांगल्या दिवाळी अंकात कथा, प्रवासवर्णन, व्यक्तिचित्र असं एकत्र बांधलेलं असतं आणि नाव ऐकून कथा वाचायला घेतलेला माणूस भलत्याच लेखाच्या प्रेमात पडतो, तसं या संग्रहाचं झालं. लोकांनी तो ‘एपिसोड टू’साठी घेतला आणि ते बोलत राहिले ‘पोर्टल’बद्दल.

आता तुझा मुख्य आक्षेप. गेम शूटर आहेत, हे खरं. पडद्याच्या तळाशी हात दिसतो, हातात काहीतरी धरलेलं असतं, मधोमध नेम असतो. पण त्या हातात नेमकं काय आहे, हे प्रत्येक गेममध्ये नीट बघ. तुझ्या निबंधाचा कणा तिथे आहे, असं मला वाटतं.

‘हाफ-लाइफ २’ सुरू होतो तेव्हा हातात काहीच नसतं. गॉर्डन फ्रीमन हा शास्त्रज्ञ आगगाडीतून ‘सिटी १७’ नावाच्या शहरात उतरतो. पृथ्वी परग्रहावरच्या सत्तेने जिंकलेली आहे. स्टेशनातल्या मोठ्या पडद्यावर डॉ. ब्रीन नावाचा प्रशासक गोड आवाजात लोकांची समजूत घालतो आहे. फलाटावरची माणसं मान खाली घालून उभी आहेत. तू पुढे जातेस तर मुखवटा घातलेला एक शिपाई एक रिकामा डबा मुद्दाम खाली पाडतो आणि उचलून कचऱ्यात टाकायला सांगतो. टाकलास तर वाट मोकळी. तोच डबा त्याच्या अंगावर फेकलास तर तो दंडुका घेऊन धावून येतो. दोन्हीपैकी काहीही कर, वस्तू उचलायची कशी, फेकायची कशी, हे तुझ्या बोटांना कळलेलं असतं. आणि या शहरात माणसाची किंमत काय, हेही कळलेलं असतं. एकही सूचना पडद्यावर न लिहिता एका डब्याने दोन कामं केली. वर्गात कोणी ‘सुरुवात कशी करावी’ असं विचारलं तर हे एवढंच दाखव.

त्या शहराचा चेहरा विक्टर अँटोनोव या कलादिग्दर्शकाचा. तो बल्गेरियातल्या सोफियाचा. लहानपणी पाहिलेली पूर्व युरोपातली शहरं त्याने सिटी १७ मध्ये आणली : जुन्या दगडी इमारती, ट्रामच्या तारा, पोपडे उडालेल्या भिंती, आणि या सगळ्यात घुसलेलं परग्रहावरचं काळं, धारदार पोलाद. तोवरच्या बऱ्याच विज्ञानकथांच्या गेममध्ये यानं आणि चकचकीत प्रयोगशाळा असत. इथे भविष्यकाळ एखाद्या गरीब जिन्याच्या कोपऱ्यात उभा आहे. अँटोनोव २०२५ मध्ये गेला. त्याच्यावर तुझ्या निबंधात एक परिच्छेद तरी हवाच.

मग येते ग्रॅव्हिटी गन. गेम बराच पुढे गेल्यावर गॉर्डनची साथीदार अ‍ॅलिक्स व्हान्स ती त्याच्या हाती देते, आणि ती चालवायला शिकवतो ‘डॉग’ नावाचा अगडबंब यंत्रमानव, चेंडू टाकण्या-झेलण्याचा खेळ खेळत. ही बंदूक गोळी झाडत नाही. जवळची वस्तू खेचून धरते आणि लांब भिरकावते. लगेच पुढे रेव्हनहोम हे उजाड गाव लागतं. तिथे भिंतीत रुतलेलं करवतीचं एक गोल पातं दिसतं, आणि त्यानेच मधोमध कापला गेलेला एक झोंबी. तू ते पातं खेचतेस आणि त्याच क्षणी दारात दुसरा झोंबी उभा राहतो. काय करायचं ते सांगावं लागत नाही. गेमच्या शेवटाकडे तर गॉर्डनची सगळी हत्यारं काढून नष्ट केली जातात आणि ही एकच राहते, पूर्वीपेक्षा कितीतरी बलवान होऊन. सगळ्या बंदुका काढून घ्यायच्या आणि खेळाडूला तरीही अधिक समर्थ करायचं, हे धाडस एका शूटर गेमने केलं आहे, हे विसरू नकोस.

सगळंच मला आवडतं असं नाही. कालव्यांमधला होडीचा प्रवास फार लांबतो. ‘एपिसोड वन’ या पाचांत सगळ्यात लहान उडीचा. तेच शहर, त्याच गल्ल्या. पण त्यात एक जागा आहे, ती सोडू नकोस. जमिनीखालच्या मिट्ट काळोखात गॉर्डनजवळ विजेरी आहे आणि बरोबर अ‍ॅलिक्स आहे. तिला अंधारात दिसत नाही. तू ज्याच्यावर उजेड पाडशील त्याच्यावर ती गोळी झाडते. नेम तुझा, चाप तिचा. दोन माणसांमधला विश्वास संवादांनी सांगायला पानंच्या पानं लागली असती. तो इथे एका विजेरीच्या झोताने उभा केला आहे.

‘एपिसोड टू’ शहराबाहेर, जंगलात आणि डोंगरात जातो, आणि मोकळा श्वास घेतो. शेवटच्या मोठ्या लढाईत उंचच उंच तीन पायांची यंत्रं चालून येतात. तिथेही साधी गोळी पुरत नाही. ग्रॅव्हिटी गनने एक स्फोटक त्यांच्या अंगावर चिकटवायचं आणि मग ते फोडायचं. त्यानंतर काय घडतं, ते मी लिहिणार नाही. एवढंच सांगतो, की कथा अतिशय वाईट वळणावर तुटते आणि ठरलेला तिसरा एपिसोड कधी आलाच नाही. लेखक मार्क लेडलॉ यांनी कंपनी सोडल्यावर २०१७ मध्ये पात्रांची नावं बदलून एका पत्राच्या रूपात पुढच्या कथेचा गोषवारा जाहीर केला, त्यावर वाचकांना समाधान मानावं लागलं.

आता ‘पोर्टल’. इथे मी मुद्दाम रेंगाळणार आहे.

रेडमंडच्या डिजिपेन या संस्थेतल्या विद्यार्थ्यांनी ‘नारबॅक्युलर ड्रॉप’ नावाचा एक प्रकल्प केला होता. त्यातल्या राजकन्येला उडीच मारता येत नाही, म्हणून ती भिंतींत दारं उघडून वाट काढते. वॉल्व्हच्या लोकांनी तो पाहिला आणि किम स्विफ्टसह त्या सगळ्या विद्यार्थ्यांना कामावर घेतलं. तुझ्याच वयाची मुलं होती ती. त्यांना मोठ्या सैन्याची, शहराची, पात्रांच्या गर्दीची गरज नव्हती, आणि तेवढं मनुष्यबळही नव्हतं. म्हणून गेममध्ये एकच बोलणारं मोठं पात्र आहे : ग्लॅडॉस नावाचा संगणक, एलन मॅक्लेन या गायिकेच्या आवाजातला. गोड बोलत, आश्वासनं देत तो तुला चाचणीच्या एकेका खोलीतून पुढे ढकलतो.

हातात पुन्हा बंदूक आहे, पण तिच्यातून दोन भोकं निघतात, एक निळं आणि एक नारिंगी. एकातून शिरायचं, दुसऱ्यातून बाहेर पडायचं. उंचावरून एका दारात पडलीस तर पडण्याचा वेग तसाच घेऊन दुसऱ्या दारातून भिरकावली जातेस. एवढ्या एका नियमावर अख्खा गेम उभा आहे. सुरुवातीला एकच दार तुझ्या ताब्यात असतं. दुसरं मिळतं तोवर पहिल्याची सवय झालेली असते. खोल्या पांढऱ्या आणि जवळजवळ रिकाम्या, कारण नजर कोड्यावरच राहावी. मधेच एखादी फळी सरकलेली असते आणि तिच्यामागे कोणीतरी लपून राहिल्याच्या खुणा, भिंतीवर खरडलेली अक्षरं. त्या रिकामेपणामुळेच ती फट अंगावर येते.

त्यातल्या एका खोलीत एक पेटी शेवटपर्यंत जवळ बाळगावी लागते. गेम तयार होत असताना तो खेळून बघणारे लोक ती मागेच विसरायचे. मग निर्मात्यांनी पेटीवर बदाम काढला आणि ग्लॅडॉसच्या तोंडी तिच्याबद्दल चार वाक्यं घातली. लोक ती विसरेनात. उलट शेवटी तिला भट्टीत टाकायची वेळ येते तेव्हा त्यांचा जीव तुटू लागला. आणि भट्टी कशी चालते, हे त्यामुळे आधीच कळून जातं, जे पुढे फार उपयोगी पडतं. एक अडचण सोडवताना भावना आणि शिकवण दोन्ही हाती लागल्या. डिझाइन म्हणजे काय, याचं याहून चांगलं उदाहरण मला माहीत नाही.

तीन-चार तासांत गेम संपतो आणि जोनाथन कूल्टनचं गाणं वाजतं. इतका लहान, इतका विचित्र गेम स्वतंत्रपणे दुकानात ठेवला असता तर तो किती जणांनी उचलला असता? मोठ्या नावाच्या शेजारी ठेवल्यामुळे त्याला वाट मिळाली. २०१२ मध्ये न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टने पहिल्यांदा चौदा गेम आपल्या संग्रहात घेतले, त्यात ‘पोर्टल’ होता. त्या विद्यार्थ्यांच्या राजकन्येला उडी मारता येत नव्हती, हे बरंच झालं.

‘टीम फोर्ट्रेस २’ इतरांबरोबर नेटवर खेळायचा. तू कॉलेजात मैत्रिणींबरोबर खेळतेस तसले गेम आम्ही सायबर कॅफेत तासाचे पैसे मोजून खेळायचो. आमचा ‘काउंटर-स्ट्राइक’ हाही पहिल्या ‘हाफ-लाइफ’वर हौशी लोकांनी केलेला मॉडच, म्हणजे मूळ गेममध्ये फेरफार करून बनवलेला गेम. ‘टीम फोर्ट्रेस’चा जन्मही तसाच, १९९६ मध्ये, ऑस्ट्रेलियातल्या तरुणांच्या हातून, ‘क्वेक’वरचा मॉड म्हणून. त्याची दुसरी आवृत्ती १९९९ च्या एका गेम-प्रदर्शनात खऱ्याखुऱ्या सैनिकांच्या वेषात दाखवली होती. यायला आणखी आठ वर्षं लागली, आणि आली ती लेयेंडेकर आणि नॉर्मन रॉकवेल यांच्यासारख्या विसाव्या शतकातल्या अमेरिकी चित्रकारांच्या ढंगात. कारण केवळ नटवेपणा नव्हतं. नऊ प्रकारचे खेळाडू आहेत आणि लांबून, नुसत्या सावलीसारख्या आकारावरून कोण येतंय ते ओळखू आलं पाहिजे, हा हिशेब होता. लाल संघाच्या इमारती लाकडी आणि उबदार रंगाच्या, निळ्यांच्या काँक्रीटच्या आणि थंड. नकाशा न बघता तू कुणाच्या हद्दीत आहेस ते कळतं.

यातला मेडिक घे. त्याच्याही हातात बंदूक आहे, तिच्यातून निघणारा झोत जखमा भरतो. जितकं बरं करशील तितकी तिच्यात शक्ती साठते आणि मग आठ सेकंद तू आणि तुझा सोबती दोघं अभेद्य होता. इंजिनिअर पाना घेऊन यंत्रं उभारतो आणि त्यांची डागडुजी करतो. नेम धरायला न जमणाऱ्या माणसालाही संघात मानाची जागा असलेला शूटर तेव्हा दुर्मीळच होता.

तर दिसलं का? वस्तू उचलणारी बंदूक, विजेरी, दारं उघडणारी बंदूक, जखमा भरणारी बंदूक. गोळ्या आहेतच, खूप आहेत, आणि त्या बघवत नसतील तर तसं निबंधात स्पष्ट लिही. पण या माणसांनी शूटरची चौकट जशीच्या तशी ठेवली आणि त्या हातात दुसरं काय देता येईल, हा प्रश्न पाच वेळा विचारला. ‘पोर्टल’मध्ये त्यांना सगळ्यात धीट उत्तर सापडलं, हे माझं मत. ते तुला पटायलाच हवं असं नाही.

आता कामाचं. २०२४ पासून ‘हाफ-लाइफ २’ घेतलास की दोन्ही एपिसोड त्यातच मिळतात. ‘टीम फोर्ट्रेस २’ २०११ पासून फुकट आहे. ‘पोर्टल’ वेगळा घ्यावा लागेल. त्याचे पैसे मी पाठवतो. पाचही गेममध्ये आता निर्मात्यांचं समालोचन आहे. ते चालू केलंस की जागोजागी खुणा दिसतात आणि त्या जागी ज्याने काम केलं तो माणूस स्वतः बोलतो. पेटीची हकीकत मला तिथेच कळली. आधी एकदा समालोचनाशिवाय खेळ, मग त्यासह.

आणि तुमच्या पाच जणांच्या प्रकल्पाबद्दल. अख्खं शहर, शंभर पात्रं, हवामान, वाहनं अशी यादी तू पाठवली आहेस. एका सत्रात ते होणार नाही. ती यादी बाजूला ठेवा, ‘पोर्टल’ एकत्र बसून संपवा, आणि तुमच्या खेळाडूच्या हातात कोणती एक वस्तू असेल ते आधी ठरवा. ठरलं की मला कळव.

तुझा,
मामा