कोरड्या थंडीतले दाणे

मुंबईत साखरेचा कडक पाक मनासारखा जमतो तो डिसेंबर-जानेवारीतच. बाकी वर्षभर समुद्राची ओल हवेत असते आणि साखर ती ओल हावरटासारखी ओढून घेते. जुलैमध्ये केलेले साखरेत घोळवलेले शेंगदाणे संध्याकाळपर्यंत सादळतात, बोटांना चिकटतात. गोरेगावहून रिक्षा हायवे ओलांडून आरेच्या झाडीत शिरली, की जानेवारीच्या सकाळी हवा अंगाला वेगळी लागते. स्वेटर काढावासा वाटत नाही. ही हवा मिळाली की मी कढई काढते.

दाण्याला साखरेनं मढवणं आपल्याला नवं नाही. संक्रांतीचा काटेरी हलवा म्हणजे तेच काम, फार सावकाश केलेलं. मंद आचेवरच्या परातीत तीळ, त्यावर चमच्या-चमच्यानं पातळ पाक, आणि हातानं सतत हलवत राहायचं. थंडी कडक असली की काटा चांगला येतो, असं जुन्या बायका सांगतात. हलव्याला दिवस लागतात. शेंगदाण्यांना अर्धा तास पुरतो. पण चूल सोडून उठायचं नाही, हा नियम दोन्हीकडे सारखाच.

दोन वाट्या कच्चे दाणे, एक वाटी साखर, पाव वाटी पाणी. सगळं एकदमच जाड बुडाच्या कढईत घालायचं. पाक उकळतो, दाट होतो, त्याचे बुडबुडे जड होतात, आणि एकाएकी पाणी संपून सगळी साखर पांढरी, वाळूसारखी होऊन दाण्यांना चिकटते. इथे पुष्कळजण बिघडलं म्हणून गॅस बंद करतात. बंद करू नये. आच कमी करून उलथनं चालू ठेवावं. तळाशी आधी एक सोनेरी थेंब दिसतो, मग दुसरा, आणि ती कोरडी साखर पुन्हा वितळून दाण्यांवर चढू लागते. १६० अंश सेल्सिअसच्या पुढे साखरेचा नुसता गोडवा मागे पडतो; तिला खमंग, किंचित कडवट वास येतो. आत दाणाही भाजत असतो, तडतडतो. रंग मधासारखा झाला की चमचाभर लोणी, चिमूटभर मीठ, आणि लगेच तूप लावलेल्या ताटात ओतून काट्यानं दाणा दाणा सुटा करायचा. चव बघायला बोट घालू नये. हा पाक उकळत्या पाण्यापेक्षा कितीतरी जास्त पोळतो.

आरेत बसून दाण्यांत लोणी घालताना या जागेची गोष्ट आठवावीच लागते. शहरातल्या दाटीतले म्हशींचे गोठे बाहेर काढून दारा खुरोडींनी ही दुग्धवसाहत उभी केली. ४ मार्च १९५१ रोजी पंडित नेहरूंच्या हस्ते तिचं उद्घाटन झालं. त्याच्या कितीतरी आधीपासून इथे वारल्यांचे पाडे आहेत. गोठे, गवताची कुरणं, पाड्यांवरची शेतं आणि झाडी एकत्र राहिली, म्हणून सिमेंटच्या मुंबईत एवढा गारवा टिकला.

तो आपोआप टिकत नाही. ऑक्टोबर २०१९ मध्ये मेट्रोच्या कारशेडसाठी इथली झाडं रातोरात तोडायला सुरुवात झाली. ७ ऑक्टोबरला सर्वोच्च न्यायालयानं थांबा म्हटलं, तोवर दोन हजारांहून जास्त झाडं आडवी झाली होती. मेट्रोनं लोकांचा प्रवास सुखाचा होतो, हे मी मानते. पण तोडलेलं झाड स्वतःबरोबर सावली नेतं, आणि सकाळची थंडीही नेतं.

दाणे, साखर, लोणी दुकानात मिळतं. गार सकाळ मिळत नाही. ती इथली झाडं देतात. या थंडीत घरी दाणे करा, गार झाल्यावर घट्ट झाकणाच्या डब्यात भरा, शेजारी वाटा. आणि आरेतल्या झाडांचा प्रश्न निघेल तेव्हा गप्प बसू नका.