धुळ्याचा सबजज्ज

काकाला न्यायाधीशानं एकच विचारलं, "अंगठा तुमचाच का?"

काका म्हणाला, "हो साहेब, माझाच."

संपलं. पैसे किती घेतले, किती फेडले, अंगठा लावला तेव्हा कागद कोरा होता का, कुणी विचारलं नाही. कोर्ट कुठलं ते लिहीत नाही. पुढची तारीख पडली. येष्टीत काका वाटभर आपल्या अंगठ्याकडंच बघत बसला होता.

अमळनेरला उतरलो तो थेट रात्रपाळीला. साच्यावर उभं राहून धागा जोडता जोडता एकच डोक्यात: त्या खुर्चीवर बसलेल्या माणसाला कागदाच्या पलीकडं बघायला कायदा अडवतो, का त्याची त्यालाच गरज वाटत नाही? मग सुटीच्या दिवशी वाचनालयात बसलो, आणि भेटला कोण, तर महादेव गोविंद रानडे.

मित्रहो, आपल्यात हे नाव निघालं की तोंड वाकडं होतं. माझंबी व्हायचं. सदाशिव पेठी न्यायमूर्ती, आपल्याला काय त्याचं? पण हा माणूस १८७९ साली आपल्या धुळ्यात फर्स्ट क्लास सबजज्ज होता. मानानं आला नव्हता. वासुदेव बळवंत फडक्यांचं बंड झालं, पुण्यात वाडे जळाले, आणि सरकारला रानड्यांचा संशय आला. उचलला आणि खानदेशात टाकला. त्याची टपालं फोडून वाचत. खुर्चीवर बसून दुसऱ्यांचा न्याय करायचा, आणि आपल्यावरच सरकारचा पहारा! शिक्षा म्हणून माणूस पाठवायला खानदेश तेव्हापासूनच सोयीचा दिसतो.

पण मला गाठायचं होतं ते पुढचं. १८७५ साली दख्खनमधल्या कुणब्यांनी सावकारांची खतं हिसकावून जाळली. बहुतेक ठिकाणी माणसाला हात न लावता कागद जाळले, हे ध्यानात घ्या. त्यातून १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा झाला. त्यात कलम असं की, सावकारानं खत पुढं केलं म्हणून कोर्टानं गप्प बसायचं नाही. खताच्या मागं जायचं. पहिल्यापासूनचा हिशेब काढायचा, मुद्दल किती, व्याज किती, फेड किती, हे जज्जानं स्वतः तपासायचं. या कायद्याखाली १८८१ मध्ये रानड्यांना असिस्टंट स्पेशल जज्ज नेमलं. खालच्या कोर्टांचे निकाल तपासत ते गावोगाव फिरले. कायदा आधी पुणे, सातारा, नगर, सोलापूर एवढ्यालाच. आपला खानदेश त्यात नव्हताच.

वाचलं आणि पुस्तक मिटवून बसलो. माझ्या काकाला जे कुणी विचारलं नाही, ते विचारणं हे शंभराहून जास्त वर्षांपूर्वी एका जज्जाचं रोजचं काम होतं.

आता दुसरी बाजू. विधवाविवाहाची बाजू मांडणाऱ्या या माणसाची बायको १८७३ मध्ये वारली, आणि बापाच्या शब्दाखातर त्यानं लग्न केलं ते अकरा वर्षांच्या पोरीशी. स्वतः एकतीसचा. (त्याच पोरीला शिकवलं, ती रमाबाई रानडे झाली, हेही खरं.) १८९० साली मिशनमध्ये चहा घेतला म्हणून सनातन्यांनी गदारोळ केला, तर पुढं प्रायश्चित्त घेऊन मोकळा. चहाचं प्रायश्चित्त! आणि १८८५ मध्ये ग्रंथकारांच्या सभेचं बोलावणं आलं तेव्हा जोतिरावांनी रानड्यांना साफ कळवलं, तुमच्या सभेत आमच्या शूद्रादिअतिशूद्रांचं दुःख येणार नाही, आमचं आम्ही बघू. मी त्या पत्राच्या बाजूनं आहे. आजही.

१८९३ मध्ये ते हायकोर्टात गेले, १९०१ मध्ये वारले. तो भाग मी भराभर वाचला. मोठ्या कोर्टात गेलेला माणूस मला कमी दिसतो.

मग प्रश्न असा की बाबासाहेबांनी १८ जानेवारी १९४३ ला पुण्यात रानड्यांच्या जयंतीला जाऊन भाषण का केलं? मनुस्मृती जाळणारा माणूस या प्रायश्चित्तवाल्याला मोठा का म्हणतो? ते भाषण मी दोनदा वाचलं. बाबासाहेब तिथं विभूतिपूजेला झोडपतात, मग मापून मोजून रानड्यांना मोठं म्हणतात. कारण समाज सुधारल्याशिवाय नुसतं राज्य मिळून भागणार नाही, हे रानड्यांनी धरून ठेवलं. आणि हक्क कायद्यानं राखले जात नाहीत, समाजाच्या सदसद्विवेकानं राखले जातात, हे बाबासाहेब तिथं सांगतात. स्वतः वकील असून.

बाबासाहेबही धुळ्याच्या कोर्टात आले होते, १९३७ च्या जुलैअखेर, खटल्यासाठी. लळिंगच्या लांडोर बंगल्यात उतरले. आपण दरवर्षी ३१ जुलैला तिथं जातो, निळे झेंडे लावतो, भाषणं ठोकतो. मीही कविता म्हटलीय तिथं. पण आपल्यातला कुणी शेतमजुराच्या खताचा हिशेब मांडून वकिलाच्या हातात दिलाय का? मी तरी नाही दिला. मला तो मांडताच येत नव्हता.

परवा काकाला घेऊन बसलो. वहीत ओळी आखल्या. कुठल्या साली किती उचल, कुणाच्या लग्नाला, कुणाच्या आजारपणाला, किती पोती ज्वारी तोलून दिली. काका बोलत होता, मी लिहीत होतो. मधेच थांबून म्हणाला, "हे लिहून घेतलं तर चालतं का रे कोर्टात?"

मी म्हणालो, "विचारायला लावू."

तारीख पुढल्या महिन्यात आहे. वहीची अजून चार पानं भरायची आहेत.